मानपत्रातलं विशेषण

"विशेषण काढा, मग बघू काय उरतं."

असं म्हणून ताई हवेत बोट आडवं ओढायच्या. समोरच्याचं वाक्य लाल शाईनं खोडल्यासारखं. कुणी म्हणालं, नवे प्रिन्सिपल फार कर्तबगार आहेत, की आलं बोट. कुणी म्हणालं, अमक्याची सून सालस आहे, गुणी आहे, की दोनदा बोट. स्टाफरूममध्ये त्यांच्यासमोर कुणाची स्तुती करायची म्हणजे आम्ही आधी दहादा विचार करायचो.

तुमच्याही ओळखीत अशी एखादी बाई असणार. हुशार म्हणून जिला मान द्यायचा आणि तोंडाळ म्हणून जिच्या शेजारी बसायचं टाळायचं. आमच्या शाळेत त्यांच्या शेजारची खुर्ची नेहमी रिकामी असायची, म्हणून नवी असताना मी तिथे बसले आणि बारा वर्षं तिथेच बसत राहिले.

आनंद नगरच्या त्या खासगी शाळेत मी गणित शिकवते. त्या इंग्रजी शिकवायच्या. मूळच्या पुण्याच्या, यजमान कारखान्यात इंजिनिअर, म्हणून भोपाळला आलेल्या. घर इंद्रपुरीत. मी ग्वाल्हेरच्या मराठी घरातली. माझं मराठी ऐकून त्यांच्या पोटात कळ यायची. "ताई, मी येऊन राहिले ना," म्हटलं की त्या चालता चालता थांबायच्या. "येतेयस की राहतेयस, एक काय ते ठरव." मग दोघी हसायचो आणि मी पुन्हा तसंच बोलायचे.

भाजीवाल्याशी त्यांचं रोज भांडण. तो म्हणायचा, "मैडम, एकदम ताज़ी पालक है." त्या म्हणायच्या, "ताज़ी मत बोलो, कब तोड़ी ये बताओ." तो बिचारा खरं काय ते सांगून टाकायचा आणि त्या कालची भाजी कालची म्हणून विकत घ्यायच्या.

त्यांच्याकडे एक जाडजूड इंग्रजी शब्दकोश होता, रद्दीवाल्याकडून आणलेला, पाठीला कापड चिकटवलेला. वापरातून गेलेल्या शब्दांपुढे त्यात एक बारीक खंजीर छापलेला होता. त्यांना त्या खंजीरवाल्या शब्दांचंच वेड. मधल्या सुट्टीत पोळीभाजी खाता खाता त्या असा एखादा शब्द सांगायच्या आणि मी गणिताच्या वह्या तपासत हं हं करायचे. एक शब्द मात्र माझ्या डोक्यात राहिला. फॉरस्वंक.

"म्हणजे थकलेला?" मी विचारलं.

"नाही. थकलेला माणूस झोपून उठला की ताजा होतो. हा होत नाही. काम करून करून जो पार संपलाय, तो फॉरस्वंक. 'स्विंक' म्हणजे राबणं, आणि पुढचं 'फॉर' म्हणजे शेवटापर्यंत, काही शिल्लक न ठेवता."

जुन्या कवितांमध्ये तो शब्द मेंढपाळाच्या किंवा नांगऱ्याच्या तोंडी येतो, असं त्या म्हणाल्या. जोडीला घामानं निथळणाऱ्याचाही एक शब्द असतो, दोन्ही एकापाठोपाठ, बैलाच्या पावलांसारखे जड. गंमत अशी की त्या कवींच्या काळातही तो शब्द जुनाटच झाला होता. दरबारात बसून लिहिणाऱ्यांनी तो मुद्दाम उकरून काढला आणि गावंढळ वाटावं म्हणून राबणाऱ्याच्या तोंडात घातला.

"शब्द मेला," पोळीचा तुकडा मोडत त्या म्हणाल्या. "राबणारे कुठे संपले?"

हे बोलताना त्या खिडकीबाहेर बघत होत्या. बाहेर फूलवती बाई पाण्याची बादली घेऊन जिना चढत होती.

फूलवती आमच्या शाळेतली आया. बावीस वर्षं. सकाळी साडेसहाला कुलूप उघडणार ती, सगळ्यांत शेवटी लावणार ती. मधल्या वेळात संडास, वर्ग, बाकं, पाण्याच्या टाक्या, नर्सरीतल्या पोरांच्या ओल्या चड्ड्या. दोन वर्षांपूर्वी ती ओल्या जिन्यावरून बादलीसकट पडली आणि तिची कंबर गेली. वाकली की सरळ व्हायला तिला भिंत लागायची. तरी काम तेवढंच.

एक दिवस ती स्टाफरूमच्या दारात उभी राहिली. "मैडम जी, आप बड़े साहब से बोल दो न. मुझे गेट पे बिठा दें. कुर्सी न दें, पटिये पे बैठ लूँगी. बच्चे गिन के अंदर लेना, बाहर छोड़ना, ये तो हो जाएगा मुझसे."

एवढंच मागणं होतं. बसून करायचं काम. ती आम्हा सगळ्यांकडे बघून बोलली होती, पण उठल्या फक्त ताई.

मॅनेजमेंटच्या मीटिंगमध्ये त्यांनी विषय काढला. डायरेक्टर साहेब, म्हणजे मालकांचा मुलगा, तिशीतला, शांतपणे म्हणाला, "मैडम, गेट पे तो एजेंसी का आदमी है. और इनसे अब काम होता नहीं. हमने सोचा है, एनुअल डे पे इनका बढ़िया सम्मान करके विदा करें. शॉल, श्रीफल, मोमेंटो."

ताईंनी पुन्हा गेटचं सांगितलं. त्यानं पुन्हा शाल सांगितली. तिसऱ्यांदा त्या म्हणाल्या, "इसके लिए कोई और बोलेगा?" आणि टेबलाभोवती नजर फिरवली. मी माझ्या वहीत चौकोन काढत होते. चौकोनात चौकोन, त्यात चौकोन. मला त्या चौकोनांचा आजही राग येतो.

मीटिंग संपताना साहेब म्हणाला, "साइटेशन तो आप ही लिखेंगी न, मैडम? इंग्लिश में. वर्ड्स ज़रा हेवी रखिएगा."

शाळेतली सगळी मानपत्रं त्याच लिहायच्या आणि दर वेळी चिडायच्या. जाणारा कोणीही असो, शाळेला तीनच विशेषणं हवी असायची: सिन्सियर, डेडिकेटेड, हार्डवर्किंग. लायब्ररीत झोपा काढणाऱ्या गुरुजींनाही तीच, हृदयविकारानं वर्गात कोसळलेल्या बाईंनाही तीच. या वेळी मात्र त्या एका शब्दानं भांडल्या नाहीत. "ठीक है," म्हणाल्या. मला तेव्हाच शंका यायला हवी होती.

दुसऱ्या दिवशी त्यांनी मला कागद दाखवला. मी वाचला आणि एका शब्दावर थांबले.

"ताई, फूलवतीला काय वाटेल?"

"तिला आधी सांगितलंय. अर्थासकट."

"मग?"

"म्हणाली, 'तो सही तो लिखा है.'"

साहेबानं तो कागद न विचारता मंजूर केला. प्रिन्सिपलनी केला. कुणी अर्थ बघितला नाही. आपल्याकडे इंग्रजी शब्द कळला नाही की माणूस विचारत नाही, मान डोलावतो. तुम्हीही डोलावली असेल, मीही डोलावते. कागद छापला गेला, सोनेरी चौकट लागली, खाली डायरेक्टर साहेबांची लफ्फेदार सही.

वार्षिकोत्सवात फूलवतीला स्टेजवर आणलं. आयुष्यात पहिल्यांदा तिला त्या शाळेत गादीची खुर्ची मिळाली, तीही दहा मिनिटं. साहेबानं माइक घेतला आणि मानपत्र वाचलं. "श्रीमती फूलवती बाई, द मोस्ट फॉरस्वंक मेंबर ऑफ अवर स्कूल फॅमिली." शब्दावर तो क्षणभर अडखळला, मग सावरून हसला आणि आवडलं म्हणून तीच ओळ पुन्हा वाचली. पालकांनी टाळ्या वाजवल्या. पहिल्या रांगेतल्या एका गृहस्थांनी बायकोकडे वळून कौतुकानं मान हलवली. फूलवती समोर बघत बसली होती.

"इतना सुंदर शब्द मैडम ने दिया है," साहेब म्हणाला, "तो दो शब्द वही बोलें."

ताई स्टेजवर गेल्या. साडी नेहमीचीच, सुती. त्या हिंदीत बोलल्या, वर्गात बोलतात तशा सावकाश.

"जो शब्द सर ने दो बार पढ़ा, उसका मतलब है, जिससे काम ले-लेकर उसे ख़त्म कर दिया गया हो. पुराना शब्द है, अब कोई बोलता नहीं. पर आज इस स्कूल ने बोला है, फ्रेम में लगाकर, दस्तख़त करके. फूलवती बाई ने गेट पे बैठने की जगह माँगी थी. आपने इन्हें शॉल दी है."

मग माइक बंद झाला. बंद झाला म्हणजे केला. पुढचं त्या काय बोलल्या ते पहिल्या दोन रांगांनाच ऐकू गेलं, आणि मी सातव्या रांगेत होते. साउंडवाल्यानं घाईघाईनं नाचाचं गाणं लावलं. मुलं पंख लावून स्टेजवर आली आणि त्यांच्या गर्दीतून ताई फूलवतीला हाताला धरून खाली उतरल्या. शाळेच्या फेसबुक पानावर टाकलेला कार्यक्रमाचा व्हिडिओ त्याच संध्याकाळी काढून टाकला गेला. फूलवती दुसऱ्या दिवसापासून शाळेत दिसली नाही. येऊ नकोस असं तिला गेटवरच सांगितलं.

तीन दिवसांनी प्रिन्सिपलच्या खोलीत एक टाइप केलेलं पत्र ठेवलं होतं. स्टाफतर्फे. त्यात लिहिलं होतं की मॅडमनी एका गरीब कर्मचारी महिलेबद्दल जाहीरपणे अपमानास्पद शब्द वापरला, आणि त्यामुळे आम्हा सर्वांना तीव्र दुःख झालं आहे.

पुन्हा वाचा ते. अपमान त्यांनी केला. दुःख आम्हाला झालं. बावीस वर्षं तिच्या कंबरेवर शाळा चालवणाऱ्यांनी हे लिहिलं, आणि तिनं धुतलेल्या कपातून चहा पिणाऱ्यांनी खाली सह्या केल्या. अकरा सह्या आहेत. चौथी माझी. माझ्या दोन मुली त्याच शाळेत शिकतात, नवऱ्याची नोकरी कधी आहे कधी नाही, हे सगळं मी तेव्हा स्वतःला सांगितलं आणि ते सगळं खरं आहे. पण त्या खोलीत माझा हात धरून कुणी सही करवून घेतली नव्हती. पेनसुद्धा माझंच होतं.

ताईंना काढलं नाही. त्यांना ते पत्र वाचायला दिलं, बस. त्यांनी उभ्या उभ्या वाचलं, सह्या पाहिल्या आणि राजीनामा लिहिला. तीन ओळींचा.

कपाट रिकामं करताना मी त्यांच्याजवळ जाऊन उभी राहिले. त्या वह्या बांधत होत्या.

"ताई, मी पण..."

"पाहिलं मी." त्यांनी सुतळीची गाठ मारली. "बरं केलंस. मुलींचं व्हायचंय अजून."

त्यांनी मला झापायला हवं होतं. भाजीवाल्याला झापायच्या तसं. भित्री म्हणायला हवं होतं, हलकट म्हणायला हवं होतं. विशेषणांची कमी होती का त्यांना? पण त्या माझ्याशी समजूतदारपणे बोलल्या. माझ्याकडून त्यांनी यापेक्षा वेगळं काही धरलंच नव्हतं, हे मला तिथे कळलं, आणि त्याचा मला इतका संताप आला की मी त्यांना निरोपाचा नमस्कारही केला नाही. जानेवारीत यजमान रिटायर झाले आणि दोघं पुण्याला गेली. इंद्रपुरीतल्या घरात आता दुसरं कुटुंब आहे.

एप्रिलात आम्ही नेहमीप्रमाणे वर्षाचे गहू भरायला करोंदच्या मंडीत गेलो. नवरा भाव करत होता. पलीकडे काही बायका जमिनीवर सांडलेले गहू झाडून घेत होत्या, चाळत होत्या. त्यांतली एक सरळ होण्यासाठी पोत्यांच्या थप्पीला धरून उठली आणि मी तिला त्या उठण्यावरूनच ओळखलं.

"अरे, गणित वाली मैडम जी," फूलवती म्हणाली. तोंडावर बांधलेला पदर तिनं खाली केला. भुवयांवर भुसा होता. तिनं माझ्या मुलींची चौकशी केली, थोरली दहावीला गेली का विचारलं. मी तिच्या कंबरेचं विचारलं. "अब जैसी है वैसी है," म्हणाली.

मग तिनं माझा हात दोन्ही हातांत घेतला. तिचे तळवे चाळणीच्या काठासारखे झाले होते.

"मैं सबको बताती हूँ, मैडम जी. मेरे लिए स्कूल की सारी मैडमें लड़ी थीं."

नवरा पोतं तोलायला हाक मारत होता.

"बड़ी मैडम कैसी हैं?" तिनं विचारलं. "उनका नंबर है आपके पास? एक बार बात करा देतीं."

"नहीं है," मी म्हणाले. "मोबाइल बदल गया न मेरा."

नंबर मला तोंडपाठ आहे.