मनिलाची बाई आणि गोदूबाई

सातपाटीत दरवर्षी होळीला एकच नाटक होई. झगा घालून, पंखा हलवत महादू मनिलाची बाई होऊन नाचे, गावच्या खलाशाला भुलवी, आणि त्याची आई वाट पाहून मरे. गोदूबाई दरवर्षी रडे. म्हणूनच जहाजावर नोकरीला असलेला तिचा एकनाथ मनिलाच्या मिंडाशी लग्न करून घरी आला, तेव्हा मुलगा हातचा गेलाच, असं तिला वाटलं. सुनेशी न बोलता ती टोपली घेऊन मासळी सुकवायला निघाली.

मिंडा मागोमाग आली. उकिडवी बसली, सुरी घेतली आणि मासा पाठीकडून चिरून पुस्तकासारखा उघडला.

"आगो, पोटाकडनं चिरतात!" गोदूबाई ओरडली.

मिंडानं हसत मीठ चोळलं आणि उन्हाकडे बोट दाखवलं. तिचे मासे खरंच आधी वाळले.

होळीला महादू पंखा हलवत आला. शिट्ट्या वाजल्या. सुनेशेजारी बसलेली गोदूबाई ताडकन उठली.

"महादू, पंखा टाक! मनिलाची बाय मासं चिरते. आमच्या घरात हाय."

"मावशे, मंग मी काय करू?"

"सकाळी ये. ती शिकवंल."