अर्धी हदीस

अमळनेरला आमच्या गल्लीत बायकांचं काही अडलं की त्या माझ्याकडे येतात. मी कुठल्या मदरशात शिकलेले नाही. पिंजाऱ्याची मुलगी, वडील कापूस पिंजून गाद्या भरायचे, मी मराठी शाळेत दहावीपर्यंत गेले. पण अरबी वाचता येतं, आणि कुराणाचा नि हदीसचा, म्हणजे पैगंबरांच्या वचनांचा, मराठी तर्जुमा घरात आहे. तो मी तीनदा वाचलाय. शुक्रवारी दुपारी दहा-पंधरा जणी माझ्या ओट्यावर जमतात. कोणाची सासू छळते, कोणाला मूल होत नाही, कोणाचा नवरा पितो. प्रत्येकीसाठी माझ्याजवळ एखादं वचन तयार असतं. तुमच्या तोंडून ऐकलं की काळीज थंड होतं, असं त्या म्हणतात. हे ऐकायला मला फार आवडायचं, खोटं कशाला बोलू?

माझी धाकटी बहीण धुळ्याला दिलेली. तिच्या मुलीचं लग्न ठरलं आणि खरेदीसाठी ती माझ्याकडे राहायला आली. दुकानातून आणलेल्या साड्या पसरून आम्ही दोघी बसलो होतो. मध्येच ती उठली, दाराला कडी लावली आणि माझा हात धरून स्वतःच्या छातीवर ठेवला. डाव्या बाजूला, काखेजवळ, सुपारीपेक्षा जराशी लहान गाठ होती. दुखत नाही म्हणाली.

"आपा, कोनले सांगू नको. पोरनं लगीन व्हई जाऊ दे," ती म्हणाली. आमच्या माहेरी सगळे अहिराणीच बोलतात, शाळेमुळे माझी तेवढी सुटली.

तिची भीती मला कळत होती. मुलीच्या आईला असला आजार म्हटल्यावर वरपक्षाचे लोक काय बोलले असते ते सांगायला नको. त्यात परक्या पुरुषासमोर अंग उघडं करायचं, याचा तिला गाठीपेक्षा जास्त धाक. मी मोठी बहीण होते. पदर खेचून तिला तशीच दवाखान्यात न्यायला हवी होती. पण ती माझ्यासमोर शुक्रवारच्या बायकांसारखी मान खाली घालून बसली, आणि मीही त्यांना देते तेच तिला दिलं. म्हटलं, अल्लाहने औषध नसलेला आजार पाठवलेलाच नाही, हे पैगंबरांचं सांगणं आहे. म्हटलं, ईमानवाल्याला दुखणं आलं की झाडाची पानं गळावीत तशी त्याची पापं गळून पडतात. सब्र कर, धीर धर. मग कुराणातली पहिली प्रार्थना, फातेहा, वाचून पाण्यावर फुंकर घातली आणि बाटली भरून तिच्या पिशवीत ठेवली. निघाली तेव्हा ती हसत होती. मला तेव्हा स्वतःचं कौतुक वाटलं, तेही इथे लिहून ठेवते.

पुढे बाटली संपली की मी एसटीने धुळ्याला जाणाऱ्या कोणाच्या तरी हाती दुसरी पाठवायचे. फोनवर विचारायचे, "गाठ कशी आहे?" ती म्हणायची, "शे तशीच शे." तशीच आहे म्हणजे ठीकच आहे, असं आम्ही दोघींनी ठरवून टाकलं होतं. लग्न आठ महिन्यांनी झालं, चांगलं झालं. पाठवणीच्या वेळी मुलीला मिठी मारताना तिला डावा हात वर उचलता आला नाही.

मग कुठे दवाखाना. धुळ्यातली ती डॉक्टर बाईच निघाली. एवढं लपवलं ते कोणापासून, कोणास ठाऊक! बाईंनी तपासलं, रिपोर्ट मागवले. आजार हाडांत नि यकृतात गेला होता. ऑपरेशनची वेळ निघून गेली, म्हणाल्या. मग जरा चिडूनच त्यांनी विचारलं, "इतके महिने तुम्ही करत काय होतात?"

"सबर," माझी बहीण म्हणाली. तिच्या आवाजात अभिमान होता. मी शेजारच्या खुर्चीवर होते आणि जमीन दुभंगेल तर बरं असं मला झालं.

घरी आल्यावर मी तर्जुमा काढला. ते वचन शोधायला वेळ लागला नाही, पान मला तोंडपाठ होतं. तिथे आधी इलाज करा असं सांगितलंय. प्रत्येक आजाराला औषध आहे हे त्यानंतर येतं, इलाज का करायचा त्याचं कारण म्हणून. मी ते तीनदा वाचलं होतं, म्हणजे मला ठाऊक होतं. पण ओट्यावर सांगता सांगता मी कधीतरी हुकूम गाळला आणि दिलासा तेवढा ठेवला, कारण बायका दिलासा घ्यायला यायच्या. गोड लागेल तेवढंच वाढायचं, ही माझी खोड. लोका सांगे ब्रह्मज्ञान, आपण कोरडे पाषाण!

बहीण अंथरुणाला खिळली तशी मी धुळ्याला जाऊन राहिले. तिच्या मोहल्ल्यातल्या बायकांनी आयते-करीमाचा खत्म ठेवायचं ठरवलं. मोठं संकट आलं की कुराणातली ही एक आयत सगळ्यांनी मिळून सव्वा लाख वेळा वाचायची, असा रिवाज आहे. मोजायला चिंचोके घेतात. दुपारच्या, जोहरच्या नमाजनंतर पांढरी चादर अंथरली, मधोमध चिंचोक्यांचा ढीग ओतला, पंचवीसेक बायका भोवती बसल्या. माझी बहीण तिथेच भिंतीशी पलंगावर पडून होती. एक म्हातारी मला म्हणाली, "तुम्ही शिकलेल्या आहात. सुरू करायच्या आधी अर्थ सांगा."

सांगावा लागला. माशाच्या पोटात अडकलेल्या युनूस पैगंबरांची ही प्रार्थना आहे, मी म्हटलं. तुझ्याशिवाय कोणी नाही, तू पाक आहेस, आणि चुकलो तो मीच, असं ते अल्लाहला म्हणतात. 'चुकलो तो मीच' हे मी दोनदा म्हटलं. बायकांना वाटलं, केवढी भक्ती! दोघी-तिघींनी पदर डोळ्यांना लावला. मग चार दिवस रोज दुपारी मी एकेक चिंचोका उचलत मीच चुकले, मीच चुकले म्हणत राहिले, आणि ज्या बाईचं मी वाटोळं केलं ती पलंगावरून माझ्याकडे कौतुकाने बघत राहिली.

अल्लाहचा केलेला गुन्हा अल्लाह माफ करील, त्याची रहमत मोठी आहे. माणसाचा केलेला गुन्हा मात्र त्या माणसानेच माफ करावा लागतो. हे मीच ओट्यावर सांगत आलेय. आणि हेही, की माणूस जायला लागल्यावर "कहा-सुना माफ", म्हणजे बोललं-चाललं माफ कर, असं म्हणतात तेवढ्याने भागत नाही. काय केलं ते नाव घेऊन सांगायचं. माझं ऐकून गल्लीतली एक बाई जावेकडे गेली आणि तिच्या पाठीमागे आपण काय काय बोललो ते सगळं सांगून माफी मागून आली. तेव्हापासून दोघींचं बोलणं बंद आहे. आम्ही खूप हसलो होतो.

आता पाळी माझी होती. बहिणीला सांगायचं तर काय सांगायचं? तुझं सब्र हे सब्र नव्हतंच, मी तुला अर्धी हदीस दिली होती? दुखणं असह्य झालं की ती पुटपुटायची, पानं गळू राहिनी, आपा, पानं गळू राहिनी. तेवढ्यावर ती तग धरून होती. ते काढून घेतलं असतं तर तिच्याजवळ उरलं असतं फक्त दुखणं आणि वाया गेलेले आठ महिने. न सांगावं तर माझी माफी राहते. मी वकिलासारखी पुस्तकात पळवाट शोधली. एखादं वचन माझ्यासाठीही असेलच म्हणून पानं उलटत राहिले. मला हवं होतं ते कुठेच नव्हतं.

खत्म पूर्ण झाला त्या दुपारी बायका गेल्यावर मी तिच्या उशाशी बसले. ती जागी होती. मी म्हटलं, "मला माफ कर."

"कसानी माफी?"

"हेच, कहा-सुना."

"तसं नही." तिचा श्वास पुरत नव्हता, थांबून थांबून बोलत होती. "नाव लीसन सांग. तूच सांगस ना बठ्ठासले?"

मी तिच्याकडे बघितलं. ती खरंच वाट बघत होती, मी सगळ्यांना देते ती शिकवण पाळत होती. सगळं माझ्या जिभेवर आलं होतं.

"लहानपणी मी तुझ्या पाठीत बुक्के मारायचे, ते," मी म्हटलं.

ती हसली. हसताना बरगडीत कळ आली तशी तिने माझा हात घट्ट धरला.

"ते माफ शे," ती म्हणाली. "आनखी?"

"बस, तेवढंच."

मंगळवारी ती गेली. बुक्क्यांची माफी तेवढी माझ्याजवळ आहे.