इस्त्री न केलेली दुपटी

कडककाकांना कडककाका म्हणत ते कपड्यांना घालायच्या त्यांच्या खळीमुळे. स्वभाव नेमका उलटा होता. बायकोने नुसतं ‘अहो’ म्हटलं तरी आपलं काय चुकलं, याची ते मनातल्या मनात उजळणी सुरू करत. तळमजल्यावर लाँड्री, वर घर आणि त्याच्यावर गच्ची. हॉटेलांच्या चादरी, दाताच्या डॉक्टरांचे डगले, सगळं त्या गच्चीवर वाळायचं.

झुंबरं येऊ लागली त्याला तेव्हा वर्ष होत आलं होतं. दिवस कलला की ती पश्चिमेकडून तरंगत यायची. आरपार दिसणारी, काही छत्रीएवढी, काही खोलीएवढी, आतून फिकट हिरवी पेटलेली, खाली झालरीसारखे धागे सोडलेली. श्वास घेतल्यासारखी फुगायची, मिटायची. शास्त्रज्ञांनी त्यांना लांबलचक नाव दिलं होतं. ते उच्चारेपर्यंत झुंबर निघून जायचं. सुरुवातीला माणसं घाबरून पलंगाखाली शिरली. पुढे त्यांच्याचखाली उभी राहून पार्किंगवरून भांडू लागली. एकदा एक झुंबर एका गोदामावर टेकलं आणि पत्रा ओल्या पुठ्ठ्यासारखा आत बसला, तेवढ्यापुरती पुन्हा भीती वाटली. संध्याकाळनंतर पांढरे कपडे बाहेर ठेवू नका, अशी नगरपालिकेने सूचना काढली. कारण दिलं नव्हतं, त्यामुळे ती कुणी मनावर घेतली नाही.

“त्यांना काय चादर पांघरून झोपायचंय?” काका म्हणाले आणि चादरी दोरीवरच राहिल्या.

सकाळी चादरींच्या शिवणीत मोहरीएवढे दाणे सापडू लागले. अंधारात ते मिणमिणत. काकांनी एकदा ते चिमटीत धरून पाहिले, कोमट लागले. मग त्यांनी इस्त्री फिरवली. चट् असा बारीक आवाज झाला, दाणा विझला आणि चादर अशी काही पांढरी निघाली की हॉटेलचा मॅनेजर स्वतः विचारायला आला, “काका, कुठली पावडर वापरता?” काका नम्रपणे हसले. खोटं बोलण्याचा हा त्यांचा एकमेव प्रकार होता.

अशात लेकीला मुलगी झाली. जावई जहाजावर, म्हणून मायलेकी इथेच होत्या. दुपटी अर्थातच आजोबांनी धुतली.

“त्यांना इस्त्री नको हं,” काकूंनी बजावलं. “शिवण कडक होते, टोचते पोरीला.”

काकांनी मान डोलावली. बायकोचं ऐकायची सवय इतकी जुनी होती की तिच्यात विचाराला जागाच उरली नव्हती.

काही दिवसांनी एका संध्याकाळी, दिवे लागायच्या आधी, लेकीने हाक मारली. “बाबा, दुपट्यांना नीळ जास्त झालीय का?”

काका खोलीत आले. बाळ पाळण्यात टक्क जागं होतं आणि त्याच्या हनुवटीखालून उजेड येत होता. शिवणीतले दाणे आता वाटाण्याएवढे झाले होते आणि आतल्या आत फुगत होते, मिटत होते.

खिडकीबाहेर हिरवं झालं. काचेवरून एक धागा चाचपडत गेला.

“अहो,” काकू म्हणाल्या.

या खेपेला उजळणीची गरज नव्हती. काकांनी सगळं सांगून टाकलं.

“म्हणजे वर्षभर तुम्ही त्यांची पिल्लं भाजत होतात?” काकूंनी विचारलं.

काकांनी असा शब्द कधी वापरला नव्हता. त्यांच्या लेखी तो फक्त चट् असा आवाज होता.

त्यांनी बाळाभोवतीचं दुपटं सोडवलं, कपाटातली सगळी ओढली आणि जिना चढले. आकाश दिसत नव्हतं, इतकी झुंबरं घरावर गोळा झाली होती. त्यांनी दुपटी दोरीला लावली, चिमटे धड बसत नव्हते. धागे खाली आले. शिवणी चाचपून एकेक दाणा अलगद उचलू लागले. दुपटी विझली. काकांनी सुटकेचा श्वास घेतला.

पण झुंबरं हलेनात. सगळ्यात मोठं आणखी खाली आलं. टाकीवरचा अँटेना त्याच्याखाली वाकला.

“बाबा!” लेक बाळाला छातीशी धरून जिन्याच्या तोंडाशी उभी होती. “तिची मूठ बघा.”

इवल्या बोटांच्या फटींतून उजेड झिरपत होता. काकांनी अंगठा सोडवायला घेतला, सुटेना.

“ओढू नका, मोडेल!”

“खाली जा तू.”

“आणि ते घरावर बसलं तर?”

लेकीने क्षणभर डोळे घट्ट मिटले. मग तिने बाळाला पुढे धरलं, फार नाही, वीतभर. काकांनी तिचा दंड पकडला, तिला मागे खेचायला की धीर द्यायला, हे त्यांनाही कळलं नाही.

धागा आला. बाळाच्या मुठीच्या पाठीवरून हळूच फिरला, पुन्हा फिरला. मूठ उमलली. दाणा वर गेला, झालरीत मिसळला.

“चला बाबा,” लेक रडत म्हणाली आणि बाळाला घेऊन जिना उतरली.

काका निघू शकले नाहीत. तो धागा आता त्यांच्या मनगटाशी होता. त्याने त्यांचा तळवा चाचपला, इस्त्रीने राठ झालेली बोटं एकेक करून चाचपली, मग दुसरा हात. काकांनी दोन्ही हात उघडून समोर धरले. त्यांत काहीच नव्हतं. धागा पुन्हा पहिल्या हाताकडे वळला.