यमुनाबाई कोणासंग गेल्या

मार्चच्या शेवटच्या आठवड्यात, एका सकाळी, यमुनाबाई मोहफुलं वेचायला जंगलात एकट्या गेल्या. गाव मूल तालुक्यातलं. शिवारात वाघाचा वावर होता आणि एकट्याने जंगलात जायचं नाही, असं गावाने ठरवलं होतं. त्या गेल्या तेव्हा मी गावातच होतो. गावाचं नाव इथे देत नाही. बाईंनीच तसं सांगितलं.

चंद्रपूर आणि गडचिरोली हे दोन जिल्हे बसने आणि जीपने पाहायचे, एवढंच ठरवून मी पुण्याहून निघालो होतो. चंद्रपूर स्टेशनबाहेर सकाळीच ऊन पांढरं झालं होतं. कोळशाच्या ट्रकांच्या धुळीने रस्त्याकडेची पानं काळवंडली होती. पोंभुर्ण्याची बस शहराबाहेर पडली तशी धूळ मागे राहिली आणि सागाची उघडी, पानगळ झालेली झाडं सुरू झाली. मधूनच एखादा पळस फुललेला. खिडकीतून गोड, जडसर वास येऊ लागला. शेजारच्या माणसाने न विचारताच सांगितलं, "मोहा हाय."

पोंभुर्ण्याच्या स्टँडवर आलुबोंडा रश्श्यात कुस्करून खाताना हॉटेलवाल्याने विचारलं, "एकलेच काय भाऊ?"

"हो."

"हापिसच्या कामानं?"

"नाही, फिरायला."

"फिराले, आन एकले?" तो पलीकडच्या बाकाकडे वळला. "आयका, हे भाऊ एकलेच फिरून राह्यले."

पलीकडचा माणूस आपली प्लेट उचलून माझ्या टेबलावर आला. त्याने नाव विचारलं नाही, स्वतःचं सांगितलं नाही. धाकट्या मुलीच्या लग्नात वरपक्षाने काय काय नखरे केले ते सगळं सांगितलं, वर "आन जावई तं असा, का मीठ कमी पडलं तरी मायले फोन लावते" अशी भर घातली, हात धुतले आणि गेला.

मूलला जाणारी काळीपिवळी (प्रवासी जीप) भरल्याशिवाय निघत नव्हती. भरल्यावरही निघाली नाही, आणखी दोघं टपावर चढल्यावर निघाली. मूलला भातगिरण्यांच्या कोंड्याचा वास होता. तिथे गुरुजी मोटारसायकल घेऊन आले होते. गुरुजी निवृत्त शिक्षक, माझ्या एका सहकाऱ्याचे मामा. पुढचे तीन दिवस मी त्यांच्याकडे राहणार होतो.

गावाच्या वेशीवर वन विभागाचा पिवळा फलक होता : जंगलात एकटे जाऊ नये. गुरुजींनी तो दाखवला नाही. मीच वाचला.

घरात भिंतीवर बुद्धाची तसबीर, खाली तांदळाची पोती. त्यांच्या पत्नी सुमनबाईंनी भात, लाखोरीच्या डाळीचं वरण आणि जवसाची चटणी वाढली. जेवताना गुरुजींनी व्यवस्था सांगितली. मोहाचं प्रत्येक झाड कुठल्या ना कुठल्या घरचं असतं. दुसऱ्याच्या झाडाखालचं फूल उचललं तर ती चोरी. फुलं पहाटे गळतात आणि ऊन चढायच्या आत वेचावी लागतात, नाहीतर गुरं खातात. वाघ दिसू लागल्यापासून गावाने टोळ्या केल्या होत्या. टोळीत चार-पाच जणी असाव्यात, एकीने काठी घेऊन उभं राहावं आणि सगळ्यांनी मोठ्याने बोलत राहावं. माणसांचा आवाज आला की वाघ वाट बदलतो, असा अनुभव आहे. टोळ्या व्हॉट्सअ‍ॅपच्या ग्रुपवर ठरल्या होत्या. कोणी एकटं जाणार नाही याला प्रत्येक घराने होकार द्यायचा होता. सगळ्या घरांचा होकार आला, असं गुरुजी म्हणाले.

संध्याकाळी समोरच्या घरातल्या यमुनाबाई विरजण मागायला आल्या. साठी ओलांडलेली बाई, अंगाने सडपातळ, आवाज खणखणीत. नवरा वारून बरीच वर्षं झाली. एकुलता मुलगा प्रशांत हैदराबादला एका कंपनीत.

"पुण्याले कोण हाय तुमच्या घरी?" त्यांनी मला विचारलं.

"कोणी नाही. एकटाच राहतो."

"मंग बोलता कोणासंग?"

"फोनवर बोलतो."

"फोन तं माया पोराचाबी येते. 'जेवली का' मनते. 'जेवली' मनलं का झाला फोन." त्यांनी वाटी पदराखाली धरली. "न जेवताबी तेच सांगा लागते."

दुसऱ्या दिवशी उजाडताना मी सुमनबाईंच्या टोळीबरोबर निघालो. त्यांची सून, शेजारच्या वच्छलाबाई, आणखी एक जण आणि काठी घेऊन गुरुजी. मोहाखालची जमीन झाडून लख्ख केली होती. तिच्यावर पिवळट, रसाळ फुलं गारांसारखी पडलेली. बायका बसून वेचत होत्या आणि बोलत होत्या; जाऊ, सासू, रेशन, टीव्हीवरची मालिका. विषय संपला की वच्छलाबाई उगाच हाक द्यायच्या आणि दूरच्या टोळीकडून उत्तर यायचं.

थोड्या वेळाने नाल्यापलीकडून भांडण ऐकू आलं.

"किती डाव सांगतलं तुले, आधी टोपली भरू दे!" आवाज यमुनाबाईंचा.

"भरून राह्यलो ना! घाई काऊन करतं?" दुसरा आवाज जाड, घोगरा.

"घाई नाई करू तं का करू? ऊन तुया बापाचं हाय?"

सुमनबाई हसल्या. "बुढी पहा कशी भांडते. कोणासंग गेली व?"

"वरच्या आळीच्या टोळीत असल," सून म्हणाली.

"वरच्या आळीचे तं नहराकडं गेले," वच्छलाबाई म्हणाल्या. "मी जातानी पाह्यलं."

सुमनबाईंचा हात थांबला. पलीकडे घोगरा आवाज पुन्हा काहीतरी बोलला. गुरुजींनी विचारलं, "हा आवाज कोणाचा?" कोणाला सांगता आलं नाही. सगळी टोळी उठली, टोपल्या तिथेच ठेवून नाला ओलांडून गेली.

झाडाखाली यमुनाबाई एकट्या होत्या. पाठ आमच्याकडे. पाचोळा वाजला तसं त्यांनी मान न वळवता घोगऱ्या आवाजात विचारलं, "कोण हाय तिकडं?" मग वळल्या, आम्हाला पाहिलं, आणि स्वतःच्या आवाजात म्हणाल्या, "बाप्पा! तुमी काऊन आल्या?"

"एकलीच आली तू?"

"एकली कुठी? दोघं होतो ना." त्या हसल्या. दुसरं कोणी हसलं नाही. "वाघाले का समजते? त्याले वाटते दोन मानसं हाय."

"आन समजलं तं?"

"मंग तिसरा आवाज काढीन."

गुरुजींना राग आला होता. "बाई, तुमच्या घरून ग्रुपवर अंगठा आला होता. मी पाहिला."

"मी कुठी देल्ला अंगठा?" यमुनाबाई उभ्या राहिल्या. "मले सही येते, गुरुजी. सातवी पास हाय मी."

घरी आल्यावर गोष्ट उलगडली. यमुनाबाईंकडे साधा फोन. ग्रुपवर त्यांच्या घरातर्फे होता तो हैदराबादचा प्रशांत. 'कोणीही एकट्याने जाऊ नये' या संदेशाला त्याने अंगठ्याचं चित्र पाठवलं होतं. आई जाणारच नाही, असा त्याचा अर्थ. गुरुजींनी तो होकार धरला. म्हणजे बाई कुठल्यातरी टोळीत आहेत, असं ते समजले. वरच्या आळीला वाटलं त्या आमच्याबरोबर आहेत, आम्हाला वाटलं वरच्या आळीबरोबर. यमुनाबाईंना कोणी काही विचारलं नव्हतं.

गुरुजींनी फोन लावला आणि स्पीकर चालू केला.

"मी तिले जाऊच नको सांगितलं होतं, गुरुजी," प्रशांत म्हणाला. "आता बस झालं. शनिवारी येतो, रविवारी दुपारच्या गाडीनं घेऊन जातो."

"झाड कोण वेचल?" यमुनाबाईंनी विचारलं.

"झाड झाड का लावलं, आई? इथं लिफ्ट हाय, गॅस हाय, दवाखाना खाली हाय."

"तू घरी किती वाजता येतं?"



सुमनबाई मध्ये पडल्या. "प्रशांत, आमच्या टोळीत घेतो तिले. नको नेऊ."

"आज घेसान, काकू. उद्या?"

"झाड आमी सांभाळतो, यमुना," सुमनबाई शेवटी म्हणाल्या. "तुयाच नावानं राहील."

"राहील. पन मंग माया वापस येन्याचं कारन का?"

दुसऱ्या सकाळी टोळी आधी यमुनाबाईंच्या झाडाकडे गेली. त्यांना कोणाशी भांडायची गरज नव्हती. त्या गप्प बसून वेचत होत्या. तिथलं आटपून सगळ्या आपापल्या झाडांकडे आल्या तेव्हा वच्छलाबाईंच्या झाडाखाली गुरं शिरली होती. निम्मी फुलं गेली होती. वच्छलाबाईंनी टोपली उपडी टाकली. "रोज असं नाई जमनार, बाई. मलेबी घर हाय." यमुनाबाईंनी आपल्या टोपलीतली ओंजळभर फुलं त्यांच्या टोपलीत टाकली. वच्छलाबाईंनी ती काढून परत दिली.

त्या दुपारी मी निघालो. यमुनाबाईंनी जायचं की राहायचं, काही ठरलं नव्हतं.

सावली, व्याहाड, मग वैनगंगेचा पूल. पात्रात वाळूचे पट्टे आणि त्यांवर टरबुजांचे वेल. गडचिरोलीत लॉजच्या मॅनेजरने विचारलं, "एकलेच, सर? मग कोपऱ्याची रूम देतो. कोणी डिस्टर्ब नाई करनार." खोली स्वच्छ होती. मी सामान ठेवून लगेच बाहेर पडलो, चौकापर्यंत गेलो, परत आलो, पुन्हा गेलो. पुढचे दोन दिवस धानोरा रस्त्यावरची गावं पाहिली. एका गावात गोटूल (गावाने एकत्र बसायची जागा) होतं. सावलीत माणसं दोर वळत होती, मलाही एक टोक धरायला दिलं. ते धरून अर्धा तास बसलो आणि बस आली म्हणून उठलो. बसमध्ये काय पाहिलं ते टिपायला घेतलं तर फार काही आठवेना. नेटवर्क आलं की फोन पाहत होतो.

शुक्रवारी गुरुजींशी बोलणं झालं. यमुनाबाईंनी एका पिशवीत कपडे भरले होते. मात्र दुसरीही एक हालचाल होती. नाल्यापलीकडे, त्यांच्या झाडाला लागून, आणखी एक मोह होता. ज्यांचं ते, ते कुटुंब नागपूरला गेलेलं, झाड दोन हंगाम कोणी वेचलेलं नव्हतं. ते आपल्याला मिळावं म्हणून वच्छलाबाईंनी नागपूरला फोन लावला होता. "ते मिळालं तं मले रोज तिकडंच जा लागते, तिलेबी सोबत होते," असं त्या म्हणाल्या. नागपूरहून उत्तर यायचं होतं.

शनिवारी मी ब्रह्मपुरीमार्गे परतीला लागलो. सोमवारी पुण्यात पोचलो आणि गुरुजींना फोन केला. त्यांनी सांगितलं ते असं.

नागपूरचा होकार शनिवारी आला. प्रशांतही त्याच दिवशी आला. रविवारी सकाळी तो उठला तेव्हा घराला बाहेरून कडी होती. मागच्या दाराने निघून तो नाल्यापलीकडे गेला. टोळी दोन्ही झाडांखाली बसली होती. गुरुजींची कंबर धरली होती, ते घरीच राहिले होते, त्यामुळे काठी घेऊन उभं राहायला कोणी नव्हतं. सुमनबाईंनी काठी प्रशांतच्या हातात दिली. तोंड जंगलाकडे कर आणि मोठ्याने बोलत राहा, असं सांगितलं.

"का बोलू?" त्याने विचारलं.

"हैदराबादच्या चार वर्षाचं सांग ना," यमुनाबाई म्हणाल्या. "मले तं जेवली का एवढंच मालूम हाय."

तो बोलू लागला. आधी अडखळत. कंपनीतलं, भाड्याच्या घराचं, डब्यातल्या तेलकट भाजीचं. वच्छलाबाई मध्ये मध्ये प्रश्न विचारत होत्या. दोन झाडं असल्याने वेचायला उशीर झाला. मूलची बस गेली आणि बल्लारशाहून दुपारची गाडी सुटली तेव्हा दोघं गावातच होते.

गुरुवारी मी पुन्हा विचारलं. प्रशांत बुधवारी हैदराबादला गेला, एकटा. यमुनाबाईंचं तिकीट रद्द झालं आहे. दुसरं काढलेलं नाही.