इंजिनासमोरचा खडा

आमच्या थोरल्या भावाला, दादाला, रस्त्यानं मान वर करून चालता यायचं नाही. त्याची उमेदीची वर्षं नौदलात, जहाजावरच्या सी हॅरियर विमानांची देखभाल करण्यात गेली. विमान उडण्याआधी सगळे जण एका रांगेत, खाली बघत, जहाजाचा डेक धुंडाळायचे. एखादा स्क्रू, तारेचा तुकडा, बुटाला चिकटून आलेला खडा जरी राहिला, तरी इंजिन तो आत ओढणार. निवृत्तीनंतर दादानं बजाजनगरात घर बांधलं आणि रोज सकाळी गल्ली तशीच धुंडाळू लागला. शेजारी विचारायचे, "फौजी, काय हारपलं?"

हे विमान हवेत जागच्या जागी थांबतं आणि सरळ खाली उतरतं, असं त्यानं पहिल्या सुट्टीत आमच्या गावी, करमाडला सांगितलं, तेव्हा वडील म्हणाले, "इमान हाय का घार? गप जेव." वडिलांना ती थाप वाटली. मी मात्र ती शाळेत स्वतःच्या नावावर खपवली.

मग सगळंच जुनं झालं. आधी एक जहाज मोडीत निघालं, मग विमानांचं शेवटचं उड्डाण झालं, नंतर दुसरं जहाजही भंगारात गेलं. इकडं साखरेनं दादाचे डोळे खायला घेतले.

"दिसतंय तवर एकदा ते इमान दाखव रं," तो म्हणायचा.

"दिवाळीनंतर जाऊ, दादा." आमच्या घरात पुष्कळ गोष्टी दिवाळीनंतर व्हायच्या आहेत. कधी लग्न निघालं, कधी कापूस वेचणीला आला, एकदा तर माझी कंबरच धरली.

यंदा गेलो तेव्हा एक डोळा पूर्ण गेला होता, दुसऱ्याला नुसता उजेड कळत होता. गोव्यातल्या संग्रहालयात विमान उघड्यावर उभं होतं. वहिनीनं राखणदाराला विनवलं, त्यानं दोरी उचलली. दादा चाचपत पुढं गेला आणि पंखाखालच्या नळकांड्यावर तळवा ठेवला. याच नळकांड्यांतला झोत खाली वळवून ते विमान हवेत तरंगायचं.

"लई गार हाय रं."

"पावसात उभं हाय ना."

"तसं नाय."

मग तो गुडघ्यांवर बसला आणि इंजिनाच्या तोंडाखालची जमीन हातानं झाडू लागला. एक खडा सापडला. बोटांत फिरवून त्यानं तो होता तिथंच ठेवला.

"असू दे. आता कुणाला उडायचंय?"

घरी परतल्यावर सकाळी आम्ही गल्लीत निघालो. माझ्या खांद्यावर हात ठेवून दादा ताठ मानेनं चालत होता. कुठल्याशा कारखान्यातून आलेला बोल्ट दादाच्या पायाखाली आला. तो थांबला नाही.

सवय नसताना मीच वाकलो. पोट आडवं आलं. बोल्ट उचलून उभा राहीपर्यंत दादा दोन पावलं पुढं गेला होता आणि हवेत माझा खांदा शोधत होता.