पडद्यावरचा मुराळी

नट म्हणून माझं जे काही नाव झालं ते एका पिशवीवर झालं. त्याआधी कितीतरी वर्षं मी धुळ्याच्या नाट्यस्पर्धांत घसा फोडून घेतला. मुंबईला जाऊन सिनेमात हवालदार झालो, पोस्टमन झालो, एकदा तर खाटेवर पडलेला पेशंट झालो, आणि त्यातही नेमकं माझं तोंड कापलं गेलं. शिरपूरच्या ज्या कापसाच्या जिनिंगमध्ये मी कारकून होतो, तिथले हमाल विचारायचे, साहेब, सिनेमात तुम्ही कुठे होतात? मी म्हणायचो, चादरीखाली.

मग टीव्हीच्या एका मालिकेत बहिणीला माहेरी न्यायला आलेला भाऊ मी केला. तिची पिशवी उचलली. झालं. पुढे कित्येक वर्षं लोक रस्त्यात अडवून सांगायचे, भाऊ असावा तर असा. मी मान खाली घालायचो. लोक म्हणायचे, किती नम्र माणूस. कसला नम्र? लाज वाटायची म्हणून घालायचो.

मला सख्खी बहीण एकच, थोरली. आम्ही तिला अक्का म्हणायचो. माझं नाटक सुरू झालं ते तिच्यामुळे. गणपतीतल्या पहिल्या नाटकाचं माझं पाठांतर तिनं चुलीपुढे करून घेतलं. मी माझी वाक्यं म्हणायची, बाकीची सगळी पात्रं ती. राजा तीच, प्रधान तीच, राक्षसही तीच, आणि हे सगळं भाकरी थापता थापता. राक्षस झाली की भाकरी जरा जोरात आपटायची. आमच्या घरात खरी नटी ती होती. पण तिला दिली यावलकडे, केळीच्या बागायतदारांत. घर चांगलं होतं, पण तिकडची बोली वेगळी. वर्षभर ती सासरची बोली बोलायची. आपली अहिराणी तिच्या तोंडून निघायची ती मी दारात उभा राहिलो की.

मी दारात उभा राहायचो तो आखाजीला. अक्षय तृतीयेला आम्ही आखाजी म्हणतो. आमच्या खान्देशात सासुरवाशणीची दिवाळी ती. झोके बांधतात, गाणी म्हणतात, पोरी चार दिवस कुणाच्या सुना नसतात. पण तिला न्यायला माहेरचा मुराळी यावा लागतो, बहुतेक भाऊच. तो आला नाही तर बाईनं आपल्या पायांनी निघायचं नाही. गेली तर सासरी बोलणी, न गेली तर शेजारणींच्या नजरा.

आता मी मुराळी कसा होतो तेही ऐका. जायचो, ओट्यावर बसायचो, चहा प्यायचो आणि घड्याळ बघायचो. चल लवकर, एसटी जाईल. मग मी पुढे तरातरा, तोंडात विडी, आणि अक्का मागे, आपली पिशवी आपल्याच हातात धरून. स्टँडवर पोचेपर्यंत ती धापा टाकत असायची. कधी मागे वळून पाहिल्याचं मला आठवत नाही. तिनंही कधी कुरकुर केली नाही.

त्या मालिकेच्या आधीच्या हिवाळ्यात आई गेली. वडील आधीच गेले होते. आखाजीला घरोघर गेलेल्या माणसांच्या नावानं घागर भरतात, आणि त्या आखाजीला आईची पहिली घागर होती. अक्का येणारच, हे धरलेलं होतं. आणि नेमका तेव्हाच मुंबईहून निरोप आला, एका अख्ख्या भागात तुम्ही मुख्य आहात, अमुक तारखेला या. ती तारीख आखाजीची होती.

बायको म्हणाली, "अहो, अक्कांना आणायला कोण जाईल?"

"शूटिंग झालं की बघू," मी म्हणालो. दोन दिवस पुढे ढकला असं मुंबईला सांगता आलं असतं. मी विचारलंसुद्धा नाही. दुसरा कुणी भाऊ उभा केला तर? ही भीती होती मला. अक्का काय, समजून घेईल. समजून घेणाऱ्या माणसाच्याच गळ्यावर आपण सुरी ठेवतो. येत नाही एवढा निरोपही मी धाडला नाही.

शूटिंगला गेलो तर प्रसंग असा लिहिलेला, की भावाला पाहून बहीण धावत येते आणि गळ्यात पडते. माझ्यातला शहाणा जागा झाला. म्हटलं, आमच्याकडे असं नसतं. बहीण भावाचा आवाज ऐकते, पण बाहेर येत नाही. आधी मोरीत जाऊन तोंड धुते, डोळे ओले दिसू नयेत म्हणून. मग पाण्याचा तांब्या आणते. भावाकडे बघत नाही. आधी बैलाची चौकशी करते, मग शेजारणीची, आईचं सगळ्यात शेवटी विचारते. आणि तिची पिशवी आठ दिवस आधीपासून भरून दाराआडच्या खुंटीला टांगलेली असते.

दिग्दर्शक खूश. बहीण करणाऱ्या मुलीला मी सगळं करून दाखवलं, तांब्या कसा ठेवायचा, पदर कसा सावरायचा. मग दिग्दर्शकानं विचारलं, "आणि भाऊ काय करतो?"

मी म्हणालो, "तो तिची पिशवी उचलतो. आणि चालताना मागे वळून वळून बघतो, बहीण दमली तर नाही ना."

एवढं एकच मी बनवून सांगितलं. बाकी सगळं खरं होतं.

घरी परतलो तेव्हा झोके सुटले होते. आईची घागर बायकोनं एकटीनं भरली होती.  आज अक्काकडे जाऊ, उद्या जाऊ करता करता पेरण्या आल्या.

श्रावणात तो भाग टीव्हीवर लागला. आमच्या घरात गल्ली जमली होती. पडद्यावर मी बहिणीच्या दारात उभा राहिलो तेव्हाच बायकांनी डोळ्यांना पदर लावले, आणि मी नुसता फुगलो. तेवढ्यात मागून बायको हळूच म्हणाली, "अक्कांच्या घरीपण टीव्ही आहे."  पडद्यावर ती मुलगी तोंड धूत होती.

त्याच रविवारी यावलची गाडी पकडली. अक्काच्या घरी पोचलो तर ओट्यावर माणसंच माणसं. जिच्या तोंडातून कधी गोड शब्द निघाला नाही ती तिची सासू मला हाताला धरून आत घेऊन गेली. सांगत होती, सगळा गाव रडला हो. मी सुनेला म्हटलं, बघ, औंदा आला नव्हता ना तुझा भाऊ, हा बघ आला. तर ही उठली आणि गोठ्यात गेली. अर्धंच बघितलं बाईनं.

अक्का तांब्या घेऊन आली. माझ्याकडे बघितलं नाही. "आठे बठ," म्हणून तिनं पंख्याखालची जागा दाखवली. बैलाचं विचारलं. शेजारणीचं विचारलं. मग थांबली. आईचं विचारायची वेळ होती, आणि आई नव्हती.

"मायनी घागर कोनी भरी?" तिनं विचारलं.

मी बायकोचं नाव सांगितलं. ती मान हलवत राहिली. माणसं पांगल्यावर म्हणालो, "अक्का, चल ना घरी. चार दिवस राहा."

"आते कसाले? आखाजी सरी गयी." मग तांब्या उचलता उचलता, "तोंड धोवानं त्या पोरले तूच सांगं का?"

मी हो म्हणालो, तोंड धुवायचं त्या मुलीला मीच सांगितलं होतं. दुसरं काय म्हणणार?

"बेस करं तिनी," अक्का म्हणाली. चांगलं केलं त्या मुलीनं. खोटं बोलत नव्हती ती. नटीला नटीचं काम कळलं होतं. तिनं मला शिव्या दिल्या असत्या तर मी पाय धरले असते, पण तिनं तर माझ्यासाठी शेवभाजी टाकली आणि मी ती खाल्ली. दाराआडच्या खुंटीवर माझी नजर गेली. खुंटी रिकामी होती.

त्या भागानंतर मला भावाचीच कामं येत राहिली. थोरला भाऊ, धाकटा भाऊ, मानलेला भाऊ. एक सोडलं नाही. बोलाचाच भात आणि बोलाचीच कढी, पण त्यावर माझं घर चाललं. प्रत्येक कामात मी मागे वळून बघायचो. लोकांना तेच हवं होतं.

पुढच्या आखाजीला मात्र मी आठ दिवस आधी जाऊन बसलो. मुंबईच्या एका कामाला नाही म्हणालो. फार मोठं काम नव्हतं, उगाच बढाई नको. अक्काची पिशवी खुंटीला होती. ती आत जाऊन तोंड धुऊन आली, सासूच्या पाया पडली, आणि आम्ही निघालो. दारातच मी वाकून पिशवी उचलली.

अक्का थांबली. गल्लीत तेव्हा बघायला चिटपाखरूही नव्हतं, दुपारचं ऊन होतं. तिनं माझ्या हातातून पिशवी हळूच सोडवून घेतली आणि हसली. टोमणा मारायचा तिचा स्वभावच नव्हता. लहानपणी माझं वाक्य चुकलं की सुधारायची, तसंच म्हणाली.

"ऱ्हाऊ दे भाऊ. आठे कोन देखस?"

मग ती पुढे चालू लागली, आणि स्टँडपर्यंत मी रिकाम्या हातांनी तिच्या मागून गेलो.