मेमूत मला कोणी उठवलं?

सुखदेवकाका नसते तर मी बी.एस्सी. झालो नसतो. आमच्या घरात कॉलेजची पायरी चढलेला मी पहिलाच. म्हणून आधी त्यांचं नाव, मग बाकीचं. आणि हेही आधीच सांगतो, मी शाळेत विज्ञान शिकवतो. भूत, भानामती, अंगात येणं... पोरांनी विचारलं की मी हसून उडवून लावतो. म्हणजे, लावत होतो.

आमचं गाव सौंदड. मोठ्या शहरात कडेच्या वस्त्यांसाठी मेट्रो असते, कुठे ट्राम असते म्हणतात. आमच्यासाठी गोंदियाला जोडणारी मेमू लोकल. सकाळी कॉलेजची पोरं, राइस मिलचे कामगार, भाजीवाल्या बाया तिनं गोंदियाला येतात आणि दिवस कलला की परततात. परततानाचा डबा म्हणजे सगळा झोपलेला. त्यांना उठवायचं काम सुखदेवकाकांचं. कोणी नेमलं नव्हतं, पण कोणाचं स्टेशन कोणतं हे त्यांना पाठ. हाक मारायचे नाहीत. समोरच्या बाकावर टाकलेल्या पायाचा अंगठा धरून दोनदा ओढायचे. "ऊठ बाबू, उतराचं आहे." मिलमधून थेट गाडीत यायचे, बोटांना तांदळाचा कोंडा लागलेला असायचा. माझ्या काळ्या मोज्यावर पिवळट ठसा उमटायचा आणि घरी आई ओरडायची.

दुसऱ्या वर्षी नापास झालो तेव्हा मी म्हणालो, काका, तुमच्या मिलमध्येच लागतो. ते असे भडकले! "काऊन? पोते उचलाले मी आहो ना! तुयं ठेसन अजून आलं नाई. बस चुपचाप." बसलो. पास झालो.

पुढे आई गेली. मला नोकरी लागली, गोंदियाजवळ कुडव्याला खोली घेतली आणि बाबांना घेऊन आलो. तिथे बाबांची स्मरणशक्ती हळूहळू पुसत गेली. माझं नाव विसरले, पण गाव नाही. रोज पिशवी काखेत मारून दारात उभे. "चाल ना बे, सौंदडले जाऊ."

एक दिवस मी शाळेत असताना ते एकटेच निघाले. कोपऱ्यावरच्या किराणावाल्यानं त्यांना ऑटोत बसवून दिलं होतं. "बाबूजी ने बोला स्टेशन जाना है, तो मैंने बिठा दिया भैया. मुझे क्या मालूम!"

मी मेमूत विचारत सुटलो. लीलाबाई भाजीवाली रडायलाच लागली. "इथंच बसला होता रे तुया बाप. तोंड उघडं टाकून झोपला होता. सौंदड आलं त मले वाटलं मिलवाले उठवतीन, मिलवाल्यायले वाटलं मी उठवीन... सुखदेव गेल्यापासून कोणी कोणाले उठवतच नाई बाप्पा."

काकांना लकवा मारला होता. वाचाही गेली होती. मुलानं त्यांना राजनांदगावला नेलं होतं. त्यांची जागा कोणी घेतली नाही, आणि माझे बाबा झोपेतच सौंदडच्या पुढे गेले.

तक्रार केली. पुढच्या प्रत्येक स्टेशनवर फोटो दाखवला. दवाखाने, देवळं, बाजार, सगळं पालथं घातलं. शाळा सुटली की गाडी धरायची, सौंदडच्या पुढे वडशापर्यंत जायचं, रिकाम्या हातानं परतायचं. जेवण जात नव्हतं, झोप नव्हती.

तो रविवार होता. रखरखीत दुपार. सौंदडला डबा जवळजवळ रिकामा झाला. मी बूट काढले, पाय समोरच्या बाकावर टाकले, आणि कधी डोळा लागला कळलं नाही.

कोणीतरी अंगठा ओढला. दोनदा.

"ऊठ बाबू, उतराचं आहे."

वर्षानुवर्षांची सवय... बूट हातात घेऊन मी अर्धवट झोपेतच उतरलो. गाडी हलली तेव्हा भान आलं. हे सौंदड नव्हे. जंगलातला एक छोटा थांबा होता, नाव मुद्दाम लिहीत नाही. या थांब्यावर मी याआधीही फोटो दाखवून गेलो होतो. प्लॅटफॉर्मवर चिटपाखरू नाही. मी स्वतःला, गाडीला, सगळ्यांना शिव्या देत तिथेच मटकन बसलो.

मग पलीकडच्या बाकावर नजर गेली. हिरव्या चौकड्यांचा गमछा. टोकाला गाठ, गाठीत सौंदडच्या घराची किल्ली. बाबांची!

गमछा ओला होता. ऊन असं की पत्र्याला हात लावता येत नव्हता, आणि गमछा पिळता येईल इतका ओला. बाजूच्या हातपंपाखाली पाणी अजून वाहत होतं.

मी ओरडत धावलो. गावातली माणसं आली, मोहाच्या झाडांमधून, नाल्याच्या काठानं अंधार पडेपर्यंत सगळ्यांनी हाका दिल्या. काही नाही...

घरी येऊन मोजे काढले. उजव्या अंगठ्यावर पिवळट ठसा. कोंड्याचा.

राजनांदगावला फोन केला. काकांची सून म्हणाली, "बाबूजी तो दोपहर भर सो रहे थे. करवट भी हम ही बदलते हैं."

डब्यात मिलचा एखादा माणूस असेल, बाकालाच कोंडा लागलेला असेल, आवाज मला स्वप्नात आला असेल. हे सगळं मी स्वतःला समजावून पाहिलं. पण नेमका तोच थांबा? तीच वेळ? कोणाकडे उत्तर असेल तर सांगा. मी फक्त काकांना पत्र टाकलं. ते असं—

तीर्थस्वरूप सुखदेवकाकांस साष्टांग नमस्कार.

वहिनींनी हे वाचून दाखवावं. काका, बाबा अजून सापडले नाहीत. तुम्हीच उठवलं का, हे मी विचारत नाही. पण उतरल्यावर मी शिव्या देत बसलो, तेवढ्यातच ते निघून गेले असतील का, हे मनातून जात नाही. मी रोज त्याच डब्यात बूट काढून, पाय समोर टाकून बसतो. डोळे मिटतो, झोप येत नाही. अंगठा कोणी धरत नाही.

काका, मला आता नाही उठवलं तरी चालेल. तुम्ही मला माझ्या स्टेशनावर उतरवलंत, ते उपकार मी विसरणार नाही. बाबा कुठेतरी झोपले असतील. त्यांना उठवा. त्यांचं स्टेशन सौंदड.